सखूबाईंचे धागे

मित्रांनो, मी फिल्म कापून जोडण्याचं एक जुनं यंत्र आहे. तुमच्या कंपासपेटीपेक्षा थोडंसंच मोठं. माझा जन्म थंडीच्या देशातला, फिनलंडचा. तिथे हेल्मीबाई चित्रपटांचं संकलन करायच्या. नको ते माझ्या पात्याखाली घालायचं, हवं ते चिकटपट्टीने जोडायचं, अशी तीस वर्षं आमची जोडी जमली. हेल्मीच्या हातून कंटाळवाणं काही सुटत नाही, असं लोक म्हणत, आणि मी आपलं उगाच फुगून बसे.

१९७२ साली त्यांनी नागपूरच्या विणकरांवरचा माहितीपट संकलनासाठी हाती घेतला, निवृत्तीपूर्वीचा शेवटचा. ज्यांच्यावर चित्रपट, त्यांना तो आधी दाखवायचा, हा त्यांचा हट्ट. म्हणून मला पेटीत घालून त्या नागपूरच्या पाचपावलीत, विणकरांच्या वस्तीत आल्या. कॉलेजातले गिरिधर सर दुभाषी झाले.

चित्रपटात सखूबाई होत्या. नव्या ताण्याचे, म्हणजे उभे, धागे मागावरच्या जुन्या धाग्यांना जोडायचे, हे त्यांचं काम. बोटांना राख लावायची, दोन टोकं पिळायची, की पुढचा धागा. असे हजारो. या कामाचं आठ मिनिटांचं चित्रण झालं होतं; हेल्मीबाईंनी त्यातलं जेमतेम अर्धं मिनिट ठेवलं होतं.

खेळ संपला. सगळे टाळ्या वाजवत होते, सखूबाई मात्र रडवेल्या झाल्या.

"सर, बाईले विचारा, बाकीचे धागे कोणं जोडले? चार जोडले अन् लगेच माग चालू! पाहणारे म्हणतीन, सखूबाई धागे सोडते. मंग मले काम कोण देईन?"

"अहो, सिनेमात असंच असते. वेळ वाचवाले कापतात."

"मी वेळ वाचवला असता तं लुगडं उसवलं असतं, सर."

सरांनी ते हेल्मीबाईंना सांगितलं. बाईंनी लगेच वगळलेल्या तुकड्यांचा डबा उघडला आणि माझ्याच हातचा जोड माझ्यासमोर सोडवला. खरं सांगायचं तर मला फार राग आला. लांबी वाढली म्हणून दिग्दर्शक भांडणार, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी सखूबाईंनी ती आठही मिनिटं श्वास रोखून पाहिली. "आता कोणी नाव नाही ठेवत," त्या म्हणाल्या आणि पदराने डोळे पुसून हसल्या. माझा राग तिथेच विरघळला.

दिग्दर्शक भांडलेच, पण बाई हटल्या नाहीत. पुढे निवृत्त होताना त्यांनी मला गिरिधर सरांच्या फिल्म क्लबाला पाठवून दिलं. हल्ली मी कपाटात असतं. पातं गंजलंय, जमलं तर तेलाचा थेंब घाला. पण मित्रांनो, त्याहून एक मोठं मागणं आहे. सिनेमा संपला की लगेच चपला शोधू नका, नावं संपेपर्यंत बसा. त्या चित्रपटाच्या शेवटी माझ्या बाईंच्या नावाखाली सखूबाईंचं नाव आहे. ते वाचायला तिकडे फिनलंडात कुणी थांबलं का, हे मला अजून कळलेलं नाही.