अडीच एकरातलं तण

अकोल्याच्या कोर्टात एकतीस वर्षं काळा कोट घालून हिंडलेल्या उद्धव वकिलांना चार फोटो बघून घाम फुटला. फोटो त्यांच्याच पक्षकाराच्या, कौशल्याबाईंच्या शेताचे होते. कपाशीची पऱ्हाटी औषधालाही दिसत नव्हती म्हणा ना. गुडघ्याच्या वर तण माजलेलं, आणि समोरच्या वकिलांनी सोबत लिहिलं होतं की शेत बाईच्या ताब्यात असतं तर तिनं ते असं टाकलं असतं का.

प्रकरण तसं सरळ होतं. कौशल्याबाई तेल्हाऱ्याकडच्या. नवरा गेल्यावर दोन हंगाम बाईंनी हे अडीच एकर एकटीच्या हिमतीवर पिकवलं. तिसऱ्या वर्षी दीर भगवंतराव म्हणू लागले की ही जमीन पहिल्यापासून मीच वाहतो. बाईंनी दावा लावला. तालुक्याच्या कोर्टानं सातबाऱ्यावरचा पीकपेरा पाहिला, शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रं वाचली, ताबा सकृद्दर्शनी बाईंचाच मानला आणि दावा निकाली निघेपर्यंत 'जैसे थे' ठेवायचा हुकूम केला. त्या हुकमावर भगवंतराव अपिलात अकोल्याला आले होते. अपील मंजूर झालं असतं तर पेरलेलं शेत बाईंच्या हातून निघालं असतं, आणि दुसरं शेत त्यांना नव्हतं.

उद्धवरावांनी बाईंना बोलावून घेतलं. आवाज चढलाच त्यांचा.

"बाई, निंदण काहून नाही केलं तुमी?"

"तुमीच तं सांगतलं," बाई म्हणाल्या. "आता शेताले हात लावायचा नाही, म्हटलं तुमी. मंग नाही लावला. रोज बांधावर जाऊन बसत होती. तण वाढे, जीव तुटे माहा. पण कोर्टाचा हुकूम हाये म्हटलं, एक काडी नाही उपटली."

उद्धवरावांना तो दिवस आठवला. हुकमाच्या दिवशी तालुक्याच्या कोर्टात त्यांच्या पुढच्या केसचा पुकारा झाला होता. पायरीवरून वळता वळता ते बाईंना बोलले होते. त्यांना म्हणायचं होतं, तुमच्या दिरानं आता शेताला हात लावायचा नाही. पण घाईत 'दिरानं' तेवढं गिळलं. वकील माणूस, कागदावर एक स्वल्पविराम सुटू देणार नाही, आणि तोंडानं मात्र अर्धं वाक्य फेकून मोकळा. बाईंनी ते अर्धं वाक्य उचललं आणि दीड महिना इमानानं पाळलं.

बाररूममध्ये शेजारच्या टेबलावर मैथिली वकील बसत. बारा वर्षांची प्रॅक्टिस, बोलणं मोजकं. उद्धवरावांनी सगळं त्यांच्यापुढे मांडलं.

"अपिलात कोर्ट सगळं नव्यानं ठरवत नाही," मैथिली म्हणाल्या. "खालच्या कोर्टानं कागद डावलले का, मनमानी केली का, तेवढं बघतं. एरवी या फोटोंना कोणी विचारलं नसतं. पण बाईनं हुकमानंतर शेत सोडलं असं ते म्हणतायत, तर कारण द्यावं लागेल."

कारणं काय, हवी तेवढी मिळतात. पावसाची झड लागली होती. निंदायला बाया मिळाल्या नाहीत. कंबर धरली होती. असली कारणं उद्धवरावांनी आजवर डोळे मिटून लिहून दिली होती. पण हे शपथेवर सांगायचं कोणी, तर कौशल्याबाईंनी. जी बाई कोर्टाच्या भिडेनं गवताची काडी उपटत नाही, तिला त्याच कोर्टात खोटं बोलायला लावायचं? त्यांना स्वतःची लाज वाटली.

"मीच शपथपत्र करतो," ते म्हणाले. "सल्ला माझा होता, चूक माझी."

"मग वकीलपत्र सोडावं लागेल, दादा. एकाच केसमध्ये साक्षीदार आणि वकील, दोन्ही जमत नाही."

"तू चालव."

"लोक हसतील तुम्हाला."

"हसू दे ना. एकतीस वर्षं वकिली केली न् मराठी बोलता आली नाही, म्हणतील. खोटं कुठं आहे?"

सुनावणीला उद्धवराव आयुष्यात पहिल्यांदा मागच्या बाकावर, पक्षकारांमध्ये बसले. कोट घरी ठेवून आले होते. मैथिलींनी पीकपेरा दाखवला, पेरणी बाईंचीच असल्याचं दाखवलं आणि मग ते शपथपत्र पुढे केलं. न्यायाधीशांनी ते दोनदा वाचलं. मग समोरच्या वकिलांना विचारलं, "बाईंनी हुकूम पाळला, म्हणून त्यांचा ताबा गेला, असं म्हणणं आहे का तुमचं?" त्या वकिलांनी फोटो परत फाइलीत घातले.

आठ दिवसांनी निकाल लागला. अपील फेटाळलं. ताबा बाईंचाच धरून हुकूम कायम, आणि वर खुलासा, की शेत निंदणं, डवरणं, पीक काढणं यानं 'जैसे थे' मोडत नाही. भगवंतरावांनी त्यात आडवं येऊ नये.

कोर्टाच्या पायऱ्यांवर मैथिलींनी बाईंना हुकूम वाचून दाखवला, एकेक ओळ, थांबत थांबत. बाई प्रत्येक ओळीला मान हलवत होत्या. उद्धवराव बाजूला उभे होते. मैथिली आत गेल्यावर ते पुढे आले.

"यंदाची पऱ्हाटी गेली बाई माझ्यापायी."

"अर्धी गेली. अर्धी वाचंन."

"मुख्य दावा अजून बाकी आहे. माझी साक्ष लागली नाही, तर मी परत उभा राहीन तुमच्यासाठी. फुकट राहीन."

बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. नजरेत राग नव्हता, आणि तेच उद्धवरावांना जड गेलं.

"तुमी खरं बोलले वकीलसायेब, लय मोठं काम केलं. मी इसरणार नाही. पण दावा मैथिलीताईकडंच राहू द्या. त्यायचं बोलणं मले समजते."

उद्धवरावांना काही बोलायचं होतं, पण या वेळी त्यांनी घाई केली नाही, आणि तोवर बाईंनी पिशवी उचलली होती.

"चालली मी. उद्या निंदायले बाया सांगायच्या हायेत."