दोन शतांशांचा खड्डा

सकाळी सात वाजता कारखान्यात चिटपाखरू नव्हतं. लेकीला नवऱ्याच्या हवाली करून, तिच्या दप्तरात पाण्याची बाटली आहे ना हे दोनदा पाहून ती लवकर निघून आली होती. काल संध्याकाळीच तिने या लेथची तपासणी उरकून तपासनीस म्हणून कागदावर सही केली होती. तरी रात्रभर मनाला रुखरुख. घरी सगळे याला तिचा रोग म्हणत.

तिने बेडवर सरळ पट्टी ठेवली आणि मापाचा काटेवाला डायल तिच्यावरून सरकवत नेला. बेड म्हणजे लेथचा लांबलचक बिडाचा पाया, अख्खं यंत्र त्याच्याच जिवावर उभं. काल शून्यावर ढिम्म बसलेला काटा आज मधोमध खाली घसरला. दोन शतांश मिलिमीटर. तिने पट्टी पुसली, डायल बदलला, पुन्हा पाहिलं. दोन शतांश.

केसाच्या जाडीच्या निम्म्याहूनही कमी. पण लेथ हे इतर यंत्रांना जन्म देणारं यंत्र. त्याच्या पोटात खड्डा असला, की त्याच्यावर कातलेला प्रत्येक दांडा चुकणार, तो जिथे बसेल तिथे कुरकुर करणार, आणि दोष मुळात कुठला हे कुणाच्या बापाला कळणार नाही. हा लेथ तर बसच्या ब्रेकचे भाग करणाऱ्यांकडे निघाला होता.

आणि हा बेड तिच्या बापानेच घासला होता.

बेडवर निळा रंग चोळायचा, जिथे उंचवटा तिथे डाग उमटतो, तेवढाच स्क्रेपरने खरवडायचा. असं महिनाभर. बाबा इतका पातळ कीस काढत की कारखान्यात त्यांना पापुद्रेकाका म्हणत. नव्या पोरांना ते खरंच आडनाव वाटे. बेडला कुणी हात टेकला तरी काका कडाडत, "हात काढ! तव्यावर भाकरी टाकलीय का? ऊब लागली की बीड फुगतं!"

ती वाकून बेडखाली पाहायला गेली आणि मागच्या बाजूला पोत्याखाली तिला हीटर सापडला. घरचाच. लेकीच्या खोलीतला. बिघडलाय म्हणून बाबांनी दुरुस्तीला नेलेला.

म्हणजे महिनाभर शेजारी हीटर. बीड फुगत होतं, बाबा फुगलेलं खरवडत होते. गार झाल्यावर तिथे खड्डा. आणि काल तिनेही मोजलं ते गरमच.

"आज लवकर?" बाबा मफलर सोडत मागे उभे होते. त्यांची नजर हीटरवर गेली आणि ते मफलर सोडायचेच थांबले.

"तुम्ही, बाबा? दुसऱ्या कुणी केलं असतं तर तुम्ही त्याला दारापर्यंत हाकललं असतं."

"बोटं काही सांगत नाहीत गं आता." त्यांनी हात पुढे केले, लहान मूल नखं दाखवतं तसे. "सकाळी तर लाकडं नुसती. म्हटलं, थोडी ऊब घ्यावी. हातांपुरती."

"मला सांगायचं होतं."

"तू लगेच डॉक्टरकडे नेलं असतंस. मग साहेबांनी घरी बसवलं असतं."

त्यात खोटं काही नव्हतं. पुन्हा घासायला आठवडा लागणार, आणि दहा वाजता गिऱ्हाईक येणार. तारीख दोनदा पुढे ढकललेली. साहेबांनी स्वच्छ सांगितलं होतं, हा लेथ पास झाला तर आणखी बारा लेथचं काम मिळेल, नाही तर घासकामाचा विभाग बंद. विभाग म्हणजे बाबा आणि दोन जण.

तिने हीटरची पिन उचलली. "लावू का? दहापर्यंत बेड फुगून वर येईल."

बाबांनी मफलर सोडून खुंटीला टांगला. मग म्हणाले, "सही तुझी आहे. तू ठरव." आणि तिच्याकडे न बघता पुढे म्हणाले, "मधे ठेव. जरा डावीकडे."

तिने लावला. साडेनऊला काटा अर्धा शतांश खाली होता, पावणेदहाला शून्यावर. इतका शहाण्यासारखा शून्यावर, की तिला आपल्या लेकीचा चेहरा आठवला, काहीतरी फोडून गप्प बसलेली असते तेव्हाचा. तिने हीटर पोत्याखाली सारला.

साहेब गिऱ्हाइकाला घेऊन आले. गिऱ्हाईक गुबगुबीत, हसरा गृहस्थ. "काय काका, नववधूला सजवून ठेवलंय म्हणा!"

बाबा हसले नाहीत. गिऱ्हाइकाने पेटीतून स्वतःचा डायल काढला, पट्टीवर ठेवला. शून्य. सरकवला. शून्य. साहेबांचे खांदे सैल पडले.

लेकीच्या शाळेची बस चढणीवर असेल आता, तिच्या मनात आलं. खिडकीपाशी बसू नको म्हणून रोज सांगूनही कार्टी खिडकीपाशीच बसते.

"थांबा," ती म्हणाली. "बेड गरम आहे."

"कसला गरम?" साहेब.

"मी हीटर लावला होता. गार होऊ द्या आणि मग बघा."

गिऱ्हाइकाने बेडला हाताची पाठ लावली आणि त्याचं हसू गेलं. खुर्च्या आल्या, पण बसलं कुणीच नाही. दोन तास गेले. मग काटा खाली गेला, मधोमध, जिथे जायचा तिथेच.

"दोन," गिऱ्हाईक म्हणाला आणि डायल पेटीत ठेवला. "बाई, सांगितलंत ते बरं केलंत. पण बाकीच्या बारांचं आता आम्ही दुसरीकडे बघू."

साहेब त्याला सोडायला गेले. जाताना तिच्याकडे असं बघून गेले की तिने ओळखपत्र उगाच चाचपलं.

"बाबा," ती म्हणाली, "रागावलात?"

बाबांनी स्क्रेपर फडक्यात गुंडाळला, फडक्याला गाठ मारली. गाठ बसेना. तिने पुढे होऊन मारून दिली.

मग त्यांनी दोन्ही तळवे बेडवर टेकले, पूर्ण, बोटं पसरून, आणि तसेच उभे राहिले. हात काढ म्हणणारं तिथे आता कुणी नव्हतं.