दोन प्रयोगांमधले दोन घोट

मित्रांनो, मी एक जुना थर्मास आहे. मला कानाशी धरून हलवलंत तर आत खळ् असा आवाज होईल. चांगल्या थर्मासाला असा आवाज नसतो. माझ्यातही तो नव्हता. तो कसा आला ते आज सांगतो. तो वेळेवर एका म्हाताऱ्या कानानं ऐकला नसता तर काय झालं असतं, हे आठवलं की मला अजून कसंतरी होतं.

माझी घडण साधी आहे. एकात एक अशा दोन काचेच्या बाटल्या, त्यांना चांदीसारखा मुलामा, आणि वरून स्टीलचं कवच. त्या दोन काचांच्या मधली हवा कारखान्यात काढून घेतात. तिथं काही म्हणजे काही उरत नाही, आणि त्या काही नसण्यावरच माझं सगळं चालतं. पोटात कढत पाणी असलं तरी बाहेरून हात लावाल तर मी गार. आतलं बाहेर कळू द्यायचं नाही, हा आमच्या कुळाचा धर्म. मला त्याची भारी घमेंड होती.

सीताबर्डीच्या बाजारातून मला आनंदराव गजभिये यांनी घेतलं. ते हिंगण्याच्या एका कारखान्यात पाळीवर जात. त्यांच्या मोटारसायकलच्या हँडलला लटकून मीही जायचो, पोटात चहा घेऊन. आठ वर्षं आम्ही ती नोकरी केली. त्यांची मुलगी सुभद्रा सक्करदऱ्याच्या विहारात गाणी म्हणायची. पुढं तिला एका संगीत नाटकात काम मिळालं. त्या दिवशी आनंदरावांनी मला घासून-पुसून तिच्या हातात दिलं.

"हे घेऊन जाय. गळा सांभाळजो," एवढंच ते म्हणाले.

तेव्हापासून मी चहा सोडला. माझ्या पोटात ज्येष्ठमध घातलेलं गरम पाणी येऊ लागलं, आणि माझी जागा ठरली विंगेतल्या स्टुलावर.

मित्रांनो, आमचं नागपूर दोन भाषांत नांदणारं गाव आहे. घरात मराठी, दुकानात हिंदी, आणि भांडण जोरात आलं की दोन्ही. सुभद्राबाईंनी दोन्ही भाषांत गायला सुरुवात केली. एकाच नाटकाचा दुपारी हिंदी प्रयोग आणि संध्याकाळी मराठी. हिंदीवाले म्हणत, "मराठी होकर भी क्या साफ ज़बान है!" मराठीवाले म्हणत, "बाई हिंदीकडच्या दिसतात, पण मराठी पदं काय सुरेख म्हणतात!" बाई दोघांनाही नमस्कार करत आणि हळूच माझ्याकडं बघून हसत.

पण सुरुवातीला एकदा घोटाळा झाला. मराठी पदाच्या ऐन रंगात त्यांच्या तोंडून हिंदी ओळ निघाली. प्रेक्षक फिसकन हसले. बाई रंगपटात येऊन रडल्या. तेव्हा पेटीमास्तर चंपतराव त्यांच्या समोर येऊन बसले. उंच, किडकिडीत माणूस, कान मात्र असे की सभागृहाच्या शेवटच्या रांगेतली कुजबुजही ऐकू यावी.

"रडते काहून वं?" ते म्हणाले. "दोन प्रयोगांच्या मधात याच्यातले दोन घोट पेत जाय. पहिल्या घोटासंगं मागची भाषा गिळून टाकायची. दुसऱ्यासंगं पुढची उचलायची."

गंमत म्हणून सांगितलेली गोष्ट, पण ती लागू पडली. बावीस वर्षं बाईंनी तो नेम मोडला नाही. झाकणात पाणी स्वतः ओतायचं, दोन घोट घ्यायचे, आणि मग पडदा पडेपर्यंत दुसऱ्या भाषेचा एक शब्द नाही. दोन भाषांच्या मधलं दार जणू माझ्याच झाकणात होतं.

गेल्या वर्षी बाईंच्या गळ्यात गाठ निघाली. शस्त्रक्रिया झाली. तीन महिने त्या पाटीवर लिहून बोलत होत्या. डॉक्टरांनी बजावलं होतं, आत नवी कातडी येते आहे, तिला बारीकशी जखम झाली तरी गाणं विसरा. मी दिवसातून चार वेळा भरला जायचो. इतकी काळजी मी आयुष्यात कधी केली नव्हती.

बाई पुन्हा उभ्या राहिल्या, पण गाणी संथ झाली. पूर्वी जे पद घोड्यासारखं धावायचं ते आता पायी चालू लागलं. नाट्यसंस्थेचे चिटणीस मधुसूदनराव विंगेत उभे राहून ओठ आवळायचे. "दम पुरून नाही राहिला," असं ते कुणाला तरी म्हणताना मी ऐकलं.

आणि मग तो रविवार आला. 'तळ्याकाठची राणी' या आमच्या नाटकाचे त्या दिवशी दोन प्रयोग होते, एक वाजता हिंदी आणि पाच वाजता मराठी. हिंदी प्रयोग नीट पार पडला. पडदा पडताच बाई विंगेत आल्या. त्यांनी माझ्याकडं हात केला, तोच मधुसूदनरावांनी त्यांना बाजूला बोलावलं.

"सुभद्राबाई, राग नका मानू," ते म्हणाले. "संध्याकाळचा प्रयोग पाहतो आणि ठरवतो. पदं अशीच रेंगाळली तर पुढच्या दौऱ्यात राणी प्रीती करेल. तिचं पाठांतर तयार आहे."

प्रीती म्हणजे नाटकातली राणीची सखी, बाईंचीच शिष्या. बाई तशाच रंगपटात गेल्या आणि आरशासमोर बसून राहिल्या. बावीस वर्षांत पहिल्यांदा त्या दोन घोट विसरल्या.

विंगेत मी आणि चंपतराव उरलो. विंगेतली पेटी सरकवायला स्टूल आड येत होतं म्हणून त्यांनी मला स्टुलावरून उचललं. मित्रांनो, मला त्यांच्या हाताचं गुपित तेव्हा कळलं. तो हात कापत होता. थंडीनं कापतो तसा नाही, आतून. त्यांनी दुसरा हात लावला, तोही तसाच. आणि मी सुटलो.

फरशीवर आपटलो तेव्हा आत 'टिक्' झालं. एवढुसा आवाज, पण माझ्या आतल्या काचेला तडा गेला होता आणि इतक्या वर्षांच्या त्या मोकळ्या जागेत सुस्स करून हवा शिरली.

चंपतरावांनी मला लगबगीनं उचललं, धोतराच्या सोग्यानं पुसलं, सगळीकडून फिरवून पाहिलं. स्टीलला साधा पोचाही नव्हता. त्यांनी इकडं तिकडं पाहिलं. कुणी नव्हतं. त्यांनी मला जागेवर ठेवलं आणि दोन्ही हात काखेत दाबून बसले.

ते का बोलले नाहीत, हे मला समजत होतं. थर्मास पडला म्हटलं की कसा पडला हे आलं. हात कापतो हे कळलं की पेटी गेली. आणि पेटी गेल्यावर त्या माणसाजवळ उरतं काय? मी त्यांच्यावर रागावू शकलो नाही. पण माझ्या पोटात काचेच्या कपच्या सुटू लागल्या होत्या.

तिसरी घंटा झाली. पडदा उघडला. पहिल्या अंकात बाई एकदा विंगेत आल्या. माझ्या झाकणावर त्यांची बोटं पडली, अर्धा फेरा फिरलाही. तेवढ्यात रंगमंचावर त्यांच्या प्रवेशाआधीचं वाक्य आलं आणि त्या वळल्या. मी सुटकेचा श्वास टाकला, म्हणजे थर्मासाला टाकता येईल तेवढा.

मध्यंतरात त्यांनी मला पुन्हा हातात घेतलं आणि कपाळाला आठी घातली.

"आज हा बाहेरून गरम काहून लागून राहिला?"

मित्रांनो, तीच माझी हाक होती! मधली पोकळी गेली की आतली ऊब बाहेर येते. माझ्याजवळ दुसरी भाषा नव्हती. जन्मभर आतलं बाहेर दाखवलं नाही, आणि आता सारं अंग तापवून ओरडत होतो की बाई, मला खाली ठेवा.

चंपतरावांनी मान वर केली. "सुभद्रा..." ते म्हणाले.

"काय मास्तर?"

ते बाईंकडं पाहत राहिले. मग पेटीकडं पाहिलं.

"काही नाही वं. उजेडानं तापला असन."

"असन," बाई म्हणाल्या. झाकण उघडणार, तर प्रीती साडीची पिन घेऊन धावत आली. "ताई, पदर सुटून राहिला तुमचा, हलू नका!" पिन लागेपर्यंत घंटा झाली. मी पुन्हा स्टुलावर.

दुसऱ्या अंकाच्या शेवटी राणीचं मोठं पद होतं. त्याच्या आधी बाईंना विंगेत यायला फार थोडा वेळ मिळायचा. त्या वेळात चंपतराव पेटीवर एकटे सूर भरत. बाई आल्या. घसा कोरडा पडला होता, ओठ पांढरे झाले होते. त्यांनी सरळ मला उचललं, झाकण काढलं आणि ओतलं. विंगेत काळोख होता. पाण्याबरोबर काचा उतरल्या, तांदळाच्या कणीएवढ्या. एकमेकींवर वाजल्या, किणकिण, अगदी बारीक. बाईंना ऐकू आलं नाही. त्यांचं सारं लक्ष पदाकडं होतं. त्यांनी झाकण तोंडाशी नेलं.

पेटी थांबली.

"पिऊ नको! सुभद्रा, थांब वं! काच हाय त्याच्यात!"

चंपतराव उभे राहून ओरडले, आणि समोरचा माईक चालू होता. सगळ्या सभागृहानं ते ऐकलं. बाईंचा हात ओठांपाशी तसाच थांबला. एक घोटाचं अंतर होतं, मित्रांनो. एकाच घोटाचं.

"माह्या हातून पडला तो," चंपतराव म्हणाले. आता माईकवर नाही, हळू. "मी बोललो नाही. माहे हात..." त्यांनी दोन्ही हात पुढं केले. ते इतके कापत होते की पेटीवर ठेवणंच शक्य नव्हतं.

बाईंनी झाकण स्टुलावर ठेवलं. त्या हातांवर एकदा आपला हात ठेवला आणि त्या रंगमंचावर गेल्या. पाणी नाही, पेटी नाही, कोरडा गळा. तबलेवाल्यानं ठेका धरला. बाईंनी तोंड उघडलं आणि पहिली ओळ आली, "लहर न पूछे, किनारा न बोले..."

हिंदी! दोन घोट राहिले होते ना. माझं तर पाणी पाणी झालं. विंगेत मधुसूदनरावांनी डोळे मिटून घेतले. बाईंनाही चूक कळली. त्या थांबल्या, एक श्वास घेतला, आणि तीच चाल पुढं नेली, "लाट विचारेना, काठ बोलेना..." मग त्या प्रत्येक ओळ दोनदा म्हणू लागल्या, एकदा त्या भाषेत, एकदा या. आणि लय? ती धावत सुटली! ते जुनं घोडं परत आलं होतं. वरच्या सुरावर आवाज चिरकला, लपवण्याजोगाही नव्हता. बाईंनी तो लपवला नाही. पुन्हा तिथंच गेल्या आणि दुसऱ्यांदा सूर लागला. यावेळी कुणी फिसकन हसलं नाही. लोक उभे राहिले होते.

पडदा पडल्यावर बाईंनी माझं पाणी पांढऱ्या परातीत ओतलं. दिव्याखाली काचा चमकल्या. प्रीतीनं तोंडावर हात ठेवला. चंपतराव कोपऱ्यात खुर्चीवर बसून लहान मुलासारखे रडत होते.

"मले माफ कर. हात कापते हे समजलं असतं तर पेटी काढून घेतली असती माह्यापासून."

"मास्तर," बाई म्हणाल्या, "तुमचे हात कापते हे मले दिवाळीपासून ठाऊक हाय."

त्यांनी मान वर केली.

"मग मी लय काहून उतरवून गाऊन राहिली होती? तुमच्या बोटांले दमानं जाता यावं म्हणून. माहा दम कुठं गेला नव्हता."

दारात मधुसूदनराव उभे होते. त्यांनी ते सारं ऐकलं. ते आत येऊन चंपतरावांच्या शेजारी बसले. मला वाटतं, मित्रांनो, त्या खोलीत त्या दिवशी सगळेच थोडे थोडे थर्मास होते. चंपतराव हात लपवत होते, बाई त्यांच्यासाठी आपली लय लपवत होत्या, आणि मधुसूदनराव काही न विचारता मनातच निकाल देऊन मोकळे झाले होते. सगळे बाहेरून गार. आणि एवढ्या सांभाळून घेण्यात एक गळा जायची वेळ आली होती.

दौऱ्यावर राणी म्हणून सुभद्राबाईच गेल्या. पेटीला दुसरा वादक आला. चंपतराव अजून विंगेत बसतात. त्यांच्यासमोर एक लहान पेटी असते आणि ते तिच्यावर फक्त षड्ज धरतात. एक बोट एका पट्टीवर दाबून ठेवायला हात कापला तरी चालतो. बाईंना त्या सुराशिवाय गायला आवडत नाही.

माझ्यासारखी आतली काच आता कुठं मिळत नाही. इतवारीत शोधून झालं. बाईंच्या पिशवीत नवी बिनकाचेची बाटली असते, आणि दोन घोट ती देते. मला थोडं वाईट वाटतं, खोटं कशाला बोलू? पण मला त्यांनी भंगारात दिलं नाही. काचांसकट झाकण घट्ट लावून ठेवलं आहे. नव्या नाटकाची पहिली तालीम असली की त्या मला घेऊन जातात, सगळ्यांना गोल बसवतात आणि मला हलवतात. खळ्.

"ऐकलं का?" त्या म्हणतात. "कोणाच्या हातून काही पडलं, फुटलं, कोणाचं काही दुखून राहिलं, तर पहिले सांगायचं. रागावलं तर रागावलं."

मित्रांनो, तुमच्याही हातून कधी काही पडेल. बाहेरून पोचा दिसणार नाही. आजूबाजूला कुणी नसेल. पुसून जागेवर ठेवून द्यावंसं वाटेल. तेव्हा माझी आठवण काढा आणि लगेच जाऊन सांगा. मला तोंड आहे, पण बोलता येत नाही. तुम्हाला येतं.