ड्रॅगनचा श्वास

आमच्या सिनेमातला ड्रॅगन जुन्या सोफ्याच्या फोमचा होता. वरून हिरवं रेक्झिन आणि आत नवऱ्याचे दोन मित्र, एक पुढच्या पायांत, दुसरा मागच्या. शिलेदाराचं चिलखत तेलाचे डबे कापून केलेलं, आणि त्या चिलखतात खुद्द माझा नवरा, कारण दिग्दर्शक घरचाच असताना नायकावर खर्च कोण करणार? घोडा मात्र खरा होता. तो एका दिवसापुरता मिळाला आणि दिवसभर चरत राहिला.

आवाजाचं काम माझ्याकडे होतं. ड्रॅगन दिसायला इतका गरीब, की निदान त्याच्या आवाजाने तरी धडकी भरायला हवी होती. नाहीतर नवऱ्याच्या मेहनतीचं हसं झालं असतं. मी वाघ ऐकले, पाण्याचे पंप ऐकले, ट्रकची इंजिनं ऐकली. काही केल्या जमेना. मग एका दुपारी माहेरी गेले आणि जिन्यातच थबकले. वर बाबा झोपले होते.

बाबा निवृत्त ग्रंथपाल. उभं आयुष्य लोकांना ‘शू’ करण्यात गेलेलं, त्यामुळे आपण घोरतो हे त्यांना मुळीच मान्य नाही. मामाने एकदा जेवताना त्यावरून चेष्टा केली, तर बाबांनी वर्षभर त्याच्याशी अबोला धरला होता. आईने डॉक्टरांचं नाव काढलं की म्हणायचे, “जो माणूस घोरतच नाही, त्याला डॉक्टर काय तपासणार?” आईला त्या आवाजाचा वैताग येतो, हे मी लहानपणापासून धरूनच चालले होते. रात्री भिंतीपलीकडून तिचं ऐकू यायचंच, “अहो, कुशीवर वळा.”

आई बाजारात गेली होती. मी हळूच उशीपाशी माइक ठेवला. नंतर आवाज जरा खाली उतरवला, त्यात थोडा गुहेतला घुमारा मिसळला, आणि आमच्या रेक्झिनच्या ड्रॅगनमध्ये जीव आला. हे मी कुणालाच सांगितलं नाही, नवऱ्यालासुद्धा नाही. बाबांना कळलं तर ते मामाचं वर्ष माझ्या वाट्याला येणार, याची मला पक्की खात्री होती.

पहिल्या खेळाला त्यांना टाळता आलं तर बरं, असं मनात होतं. पण जावयाचा सिनेमा म्हटल्यावर बाबा कडक इस्त्रीचा शर्ट घालून सगळ्यांच्या आधी हजर. माझ्या शेजारी आई, तिच्या पलीकडे बाबा.

घोड्याला लोक हसले. चिलखत खडखडलं तेव्हा जास्तच हसले. मग गुहेतून हिरवं तोंड बाहेर आलं आणि कुणीतरी फिसकन हसणार, एवढ्यात ड्रॅगनने श्वास घेतला. सगळं थिएटर चिडीचूप झालं. मी मनातल्या मनात नाचले.

त्या अंधारात, पडद्यावरची नजर न हलवता, आईने बाबांना कोपर मारलं. “अहो, कुशीवर वळा.”

पुढच्या दोन रांगा मागे वळल्या.

“मी जागा आहे,” बाबा म्हणाले. मग ते कान देऊन ऐकू लागले. ड्रॅगनने आणखी एक श्वास घेतला. बाबांनी सावकाश मान वळवून माझ्याकडे पाहिलं. मला खुर्चीखाली शिरावंसं वाटलं.

शेवटी शिलेदाराने तलवार खुपसली. बाबांचा श्वास झोपेत कधीकधी चढत चढत जाऊन मध्येच अडकतो, आणि जरा वेळाने परत येतो. मी तो अडकला तिथेच कापला होता. ड्रॅगनचा श्वास चढला, अडकला, आणि परत आलाच नाही.

आईने बाबांचा दंड घट्ट धरला. “श्वास घ्या.”

“घेतोय गं.”

“घ्या ना.”

बाबांनी तिला ऐकू जाईल असा मोठा श्वास घेतला. तरीही तिची पकड सुटली नाही. “आवाजाचं मला काही नसतं हो,” ती पुटपुटली. “तुम्ही मध्येच थांबता ना, ते परत सुरू होईपर्यंत माझा डोळा लागत नाही.”

इतकी वर्षं भिंतीपलीकडून मी काय ऐकलं आणि काय समजले. मला रडू आलं. आजूबाजूला टाळ्या सुरू झाल्या होत्या आणि नवरा उठून सगळ्यांना नमस्कार करत होता.

बाहेर आल्यावर बाबांनी जावयाची पाठ थोपटली. माझ्याशी मात्र एक शब्द नाही. आईला एवढंच म्हणाले, “उद्या डॉक्टरांकडे जाऊ.”

दुसऱ्या दिवशी दुपारी मी माफी मागायला माहेरी गेले. जिन्यात काहीच ऐकू आलं नाही. खोलीत आई भिंतीकडे तोंड करून गाढ झोपली होती. दुपारी झोपलेली आई मी त्याआधी पाहिली नव्हती. बाबा उशाशी खुर्ची घेऊन टक्क जागे बसले होते. मी तोंड उघडलं, तर त्यांनी ओठांवर बोट ठेवलं.

“शू.”