सोळा फ्रेमचं हसू

रंगराव सव्वापाचला मेले ते मेलेच. उठायला तयार होईनात.

बेट्टदपुरच्या डोंगरावर, देवळामागच्या कातळावर ते पडले होते. छातीत बाण, ओठाच्या कडेला लाल पाक, पाकावर मुंग्या. सिनेमात प्रेत झालेल्या नटानं उठण्याआधी कॅमेऱ्याकडे बघून हसायचं, ही जुनी रीत. हसू फिल्मवर आलं की मरण खोटं पडतं. न हसता उठलेल्या दोन नटांच्या तेराव्याला रंगराव स्वतः जेवून आले होते.

कॅमेरामन पद्मनाभनं कॅमेऱ्याचा काटा पाहिला. चाळीस फूट फिल्म उरली होती. दुसरं रीळ म्हैसूरला. आणेपर्यंत उजेड गेला असता, आणि उद्यापासून साठीचे रंगराव दुसऱ्या सिनेमात नवरदेव होते.

"पापणी हलली," दिग्दर्शक हयग्रीव म्हणाले. निर्मातेही तेच, त्यामुळे दोघांचं कधी भांडण होत नसे. "परत घ्यायचं. सगळी फिल्म लाव. हा शॉट गेला तर उद्या मद्रासहून दुसरा कॅमेरामन येतो. कळलं?"

पद्मनाभला कळलं. आठ वर्षं त्यानं टीव्हीसाठी शेळ्यांची लसीकरणं, मंत्र्यांनी कापलेल्या फिती आणि अवरेचं, म्हणजे पावट्याचं, बी उगवताना टिपलं होतं. हा पहिला सिनेमा, आणि तो एका पापणीवर अडला होता.

"आणि माझं हसू?" प्रेतानं विचारलं.

"नंतर रिकामा कॅमेरा फिरव," हयग्रीव पद्मनाभच्या कानात पुटपुटले.

"ऐकू आलं हं! रिकाम्या कॅमेऱ्याचा आवाज मला झोपेतही कळतो. फसवून बघा, दोन्ही पापण्या हलवतो."

सूर्य समोरच्या टेकडीला टेकायला आला. पद्मनाभला अवरेचं बी आठवलं. ते त्यानं मोटर बंद ठेवून, हातानं खुंटी फिरवत, एकेक फ्रेम असं टिपलं होतं. तीन दिवसांत उगवणारं बी पडद्यावर दहा सेकंदांत उगवलं होतं.

"रंगण्णा, हसण्याला मला फूटभर फिल्म पुरे. सोळा फ्रेम. तुम्ही थांबत थांबत हसायचं."

"म्हणजे कसं रे?"

"बियाला मोड येतो तसं."

"करा काय ते, बेगा बेगा, लवकर!" हयग्रीव ओरडले.

मोटर सुरू झाली. रंगराव फारच छान मेले. एक मुंगी गालावरून पापणीपर्यंत गेली; पापणी दगडाची. काटा वीसवर, दहावर, पाचवर. हयग्रीवांचा हात हवेत: अजून, अजून. एकवर पद्मनाभनं मोटर बंद केली.

"कट मी म्हणायचं असतं!"

"सार, पापणी हलली नाही."

पद्मनाभनं खुंटी धरली.

"ओठ उचला. थांबा. अजून थोडे. थांबा. आता दात."

रंगरावांचे गाल थरथरू लागले. चौदाव्या फ्रेमनंतर आत कट्ट झालं आणि खुंटी एकदम हलकी झाली. फिल्म संपली होती.

"आलं?" दात तसेच ठेवून रंगरावांनी विचारलं.

हो म्हटलं असतं तर सगळे घरी गेले असते. पण ते कट्ट त्यांनीही ऐकलं असलं तर? आणि उद्या त्यांना साधी सर्दी जरी झाली तर?

"चौदा आल्या, रंगण्णा. वरचे दात राहिले."

प्रेत विचारात पडलं. हयग्रीवांनी डोकं धरलं.

"वरची कवळी आहे," रंगराव शेवटी म्हणाले. "तिला कसलं मरण! साकु, एवढं पुरे. हात दे."

ते उठून मुंग्या झटकू लागले. हयग्रीवांनी मद्रासच्या माणसाला येऊ नको म्हणून तार करायला सांगितली आणि पद्मनाभकडे वळले.

"उद्या नायिकेची आई मरते. फिल्म जास्त आण."