बोराटीची ओळ

“बाबा, बसा ना एका जागी! सकाळपासून सातव्यांदा उठून राह्यले तुमी.”

बाबांनी ऐकलं नाही. दारामागची सब्बल, म्हणजे लोखंडी पहार, काढली, अंगणात आणली, टोकावरून बोट फिरवलं आणि पुन्हा दारामागे ठेवली. मी महागावच्या दवाखान्यात नर्स आहे. आठवड्याची एक सुट्टी मिळते, ती झोपून काढावी म्हणून माहेरी आले होते. पण या माणसानं डोळा लागू दिला तर शपथ.

माझे बाबा नानाजी, म्हणजे गावचे कुंपणवाले. चाळीस वर्षं त्यांनी लोकांच्या शेतांना बोराटीची कुंपणं लावली आणि राखली. बोराटी म्हणजे रानबोरीचं काटेरी झुडूप. एकदा धरलं की सोडत नाही, ना कपड्याला ना जमिनीला. आता गावातले मोठे शेतकरी बबनराव यांना त्यांच्या धुऱ्यावरचं, म्हणजे शेताच्या बांधावरचं, जुनं कुंपण काढून सिमेंटचे खांब रोवायचे होते. रानडुकरांनी उच्छाद मांडलाय, हे खरंच. पण तांड्यावरची बसंतीबाई, म्हणजे धुऱ्यापलीकडची शेजारीण, खांबांच्या ट्रॉलीसमोर आडवी उभी राहिली. “धुरा सरकला हाय. पयले पाच मानसं बोलवा, मंग खांब गाडा,” म्हणाली. म्हणून चार वाजता शेतात बैठक होती, आणि साक्षीला एकच माणूस होता, ते कुंपण ज्यानं बांधलं तो.

“त्यात काय एवढं?” मी म्हणाले. “होतं तिथंच हाय म्हना न् मोकळे व्हा.”

“तेच सांगतलंतं मी रामसिंगले,” बाबा म्हणाले, आणि मटकन ओट्यावर बसले.

रामसिंग म्हणजे बसंतीबाईचा नवरा. दोन वर्षांपूर्वी वारला.

मग बाबा बोलले. बारा वर्षांपूर्वी तांड्यावरची माणसं ऊसतोडीला गेलेली असताना बबनरावांनी बाबांना बोलावलं. जुनी बोराटी काढ आणि चार हात पलीकडं नवी लाव. सडकेपासून नाल्यापर्यंत, पूर्ण धुरा. बाबांनी लावली. रामसिंग परत आला, कुंपणाकडं बघत राहिला आणि म्हणाला, माझं वावर अरुंद झालं. गाव हसलं. धुऱ्याला काय पाय फुटले, म्हणून त्याची टर उडवली. शेवटी तो बाबांकडं आला.

“मले म्हने, नानाभाऊ, तुमी सांगा. तुमाले का लालच? तुमी सांगसान ते खरं. मी म्हनलं, होतं तिथंच हाय. त्यो म्हने, मंग माहीच नजर चुकली असन. न् टपरीवर नेऊन चहा पाजला मले.”

मला संताप आला. बापाचा, बबनरावांचा, आणि खरं सांगते, रामसिंगचासुद्धा. इतका विश्वास ठेवतं का कोणी?

“आता कायले उकरून काढता?” मी म्हणाले. “गावात राहाचं हाय आपल्याले. बबनरावच्या घरचंच काम हाय तुमच्याकडं.”

“काम!” बाबा एकदम उठले. “कोन्तं काम, माहीत हाय तुले? मी तवा जुनी मुळं काढलीच नाई. हातभर खनलं, तोडलं, माती लोटली. बोराटीचं मूळ मानसाच्या उंचीपेक्षा खोल जाते, कोन काढन? दरसाली पानी पडलं की बबनरावच्या वावरात सरळ ओळीनं कोंब येते. न् दरसाली मलेच बलावते, गुपचूप खनून तोडाले. बारा वर्षं झाले, निकिता. मी तोडतो न् ते येते. मी तोडतो न् ते येते.”

“आळस केला का मुद्दाम ठेवली?”

“मलेबी नाई समजलं अजून,” म्हणाले, आणि सब्बल खांद्यावर टाकून चालू लागले. चप्पलसुद्धा मीच मागून नेली.

शेतात पोलीस पाटील आणि चार जाणती माणसं आली होती. वावर गेल्याच आठवड्यात खोल नांगरलेलं. एका कोंबाची खूण शिल्लक नव्हती. बबनराव बाभळीखाली निवांत उभे होते. बसंतीबाई कुंपणापाशी एकटीच, कमरेवर हात.

आमच्याकडे धुऱ्याची साक्ष देणारा धुऱ्याचीच माती ओंजळीत घेऊन बोलतो. माती हातात असली की खोटं बोलताना जीभ अडते, असं म्हणतात. काही अडत-बिडत नाही. खोटं बोलणारे मूठभर माती घेऊन घडाघडा बोलताना मी पाहिलेत.

पाटलांनी बाबांच्या ओंजळीत माती दिली. “सांगा नानाजी. जुना धुरा इथंच होता ना?”

“सांगून टाका, नानाजी,” बबनराव हसून म्हणाले. “उन्हात कायले मानसं ताटकळवता?”

मी मनात म्हणत होते, बोला, होतं तिथंच आहे म्हणा, घरी जाऊ. आणि त्याच मनात दुसरं काही म्हणत होते. बाबांनी माती खाली सोडली, हात धोतराला पुसले. कुंपणाला पाठ करून चार हात मोजले आणि बबनरावांच्या नांगरलेल्या वावरात सब्बल घातली.

“अरे, हे काय करून राह्यला तू?” बबनराव ओरडले.

पाटलांनी हातानंच त्यांना थांबवलं. काळी माती, वरून ढेकळं, खाली दगडासारखी. बाबांचे गुडघे गेलेले, तरी थांबेनात. मी सब्बल घ्यायला गेले तर ढकललं मला. हातभर खाली मनगटाएवढं मूळ लागलं. त्याच्या डोक्यावर कुऱ्हाडीचे घाव, एकावर एक. नखानं साल खरवडली तर आत ओलं. तिथून अडीच हातांवर दुसरं लागलं. मग तिसरं. ओळ सरळ सडकेकडं निघाली होती.

“हे माहे घाव हायेत,” बाबा धापा टाकत म्हणाले. “दरसालचे. धुरा इथं होता. मी सरकवला. रामसिंगची नजर चुकली नवती.”

बबनराव तरातरा निघून गेले. जाताना एवढंच म्हणाले, “उद्यापासून माह्या दारात येऊ नको.” पाटलांनी मुळांच्या ओळीवर चुन्याची खूण करायला सांगितली.

बसंतीबाई खड्ड्याशी आली. वाकून तिनं त्या मुळाला हात लावला. मग बाबांकडं बघितलं. मला वाटलं, रडेल, शिव्या देईल.

“मरताना म्हने त्यो,” ती म्हणाली, “नानाभाऊशी भांडू नको. मानूस खरा हाय.”

बाबांनी मान खाली घातली. म्हणाले, “वयनी, जुन्या जागी कुंपन मी लावून देतो. काई नको मले.”

“तू नको.” बसंतीबाईनं पदर खोचला. “दोन पानी पडू दे. ते आपोआप येते.”

ती तांड्याकडं निघून गेली. माणसं पांगली. मी म्हणाले, “चला बाबा.” पण ते गुडघ्यांवर बसले. तिन्ही खड्ड्यांत हातानं माती लोटली, मुळांना ऊन लागू नये म्हणून ढेकळं फोडून फोडून, बारीक करून.