दोन किलोंचा कडता

जालिंदर हवालदाराच्या ताब्यात सांगलीच्या एका चौकीतली मुद्देमालाची खोली होती. चोरीची भांडी, मारामारीतल्या काठ्या, हातभट्टीचे डबे, सगळं त्यानं चिठ्ठ्या बांधून असं लावलं होतं की बाकीचे शिपाई त्याला पुजारी म्हणत. चिडवायला म्हणत, पण त्याला ते आवडायचं. अकरा वर्षांत त्या खोलीतून साधी सुतळी गेली नव्हती. पासष्ट सालच्या फाल्गुनात मात्र निराळीच तऱ्हा झाली. काही गेलं नाही, उलट वाढलं.

गुंडा नावाचा गडी एस.टी. स्टँडवर गांजाच्या पोत्यासकट सापडला होता. पोतं माझं नव्हेच, टेकायला जागा नव्हती म्हणून त्यावर बसलो, असं त्याचं म्हणणं. फौजदारांनी पंच म्हणून हळदीच्या पेठेतला धोंडिराम मापाडी बोलावला. तीस वर्षं हळद तोललेला माणूस, आणि काटाही त्याचाच. त्यानं पोतं चढवलं, "अठ्ठावीस" म्हणून आवाज दिला, आणि लिहिणाऱ्यानं पंचनाम्यात 'पोत्यासह अठ्ठावीस किलो' लिहिलं. शंभर ग्रॅम नमुना पुण्याला तपासणीसाठी काढला, पोत्याचं तोंड शिवून लाखेची सिलं मारली आणि पोतं जालिंदरकडे आलं. त्यानं सिलं मोजली. पाचच्या पाच. वजन काही केलं नाही, तशीच सही केली. धोंडिरामनं तोललेलं पुन्हा तोलायचं म्हणजे त्याच्या तोंडावर त्याला लबाड म्हणण्यासारखं.

खटला उभा राहिला तेव्हा गुंडाचे वकील नानासो यांनी पोतं भर कोर्टात तोलायला लावलं. भरलं एकोणतीस किलो नऊशे ग्रॅम.

"म्हणजे चौकीत माल वाढतो, साहेब," नानासो गोड आवाजात म्हणाले. "कुणीतरी सील तोडून भर घातल्याशिवाय हे व्हायचं नाही. आणि खोलीची किल्ली हवालदारांकडे."

कोर्ट हसलं. मॅजिस्ट्रेट हसले नाहीत. पुढच्या तारखेला खुलासा झाला नाही तर हवालदारावरच खटला होईल, असं त्यांनी बजावलं.

जालिंदरची झोप उडाली. माल घटला असता तर उंदरांवर ढकलता आला असता, वाढलेल्याला काय सांगणार? त्याची बायको चंद्राबाई जेवायला वाढता वाढता म्हणाली, "खोलीत उंदरी व्याल्याली ऐकली हुती. पोतं व्याल्यालं पैल्यांदाच ऐकतीया."

"हस तू," जालिंदर म्हणाला. "नोकरी गेल्यावर हसायला लय वेळ मिळंल."

"नोकरीचं कोन बोलतंय? तुमी चोर न्हाई, येवढं मला ठावं हाय. जेवा आदी." ती पुढं हसली नाही. तिलाही घोर लागलाच होता.

दुसऱ्या दिवशी तो पेठेत गेला आणि धोंडिरामच्या काट्यासमोर पोत्यांच्या थप्पीला टेकून बसला. हळदीनं माणसंसुद्धा पिवळी झाली होती. हमालांनी पोतं चढवलं. पारड्यात पन्नास, दहा आणि दोन किलोंची वजनं पडली. काटा थांबला.

"साठ," धोंडिरामनं आवाज दिला.

"माज्या हळदीत माती न्हाई, मापाडी," माल घेऊन आलेला शेतकरी कुरकुरला. धोंडिरामनं कान दिला नाही, पुढचं पोतं घेतलं. पोत्यामागं दोन किलो कडता कापायचा, एक बारदानाचा आणि एक मातीचा, ही पेठेची रीत. जालिंदरच्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

चहाच्या वेळी त्यानं हळूच विषय काढला. "धोंडिबा, आमच्या पोत्याला कडता धरला हुता काय गा?"

"याड लागलं काय? सरकारी कामात कडता कशाला धरू?" धोंडिराम रागावला, आणि तो खोटं बोलत नव्हता. त्याच्या जिभेनं काय केलं हे त्याला स्वतःलाच ठाऊक नव्हतं.

आता पंचाईत आली. धोंडिरामला समजावून न्यावं, तर साक्षीदार पढवला असं होणार. न समजवावं, तर तो शपथेवर नाही म्हणणार. जालिंदर सरकारी वकिलांकडे गेला. "मी त्याला पढवनार न्हाई, तुमी बी पढवू नका," तो म्हणाला. "निस्तं तोलाय लावा."

तारखेला धोंडिरामचा काटा कोर्टात आला. "पंचनाम्याच्या दिवशी तोललंत तसं तोला," सरकारी वकील म्हणाले. सीलबंद पोतं चढलं. मॅजिस्ट्रेटांनी स्वतः उठून पारड्यातली वजनं मोजली. वीस, पाच, दोन, दोन, आणि वर नऊशे ग्रॅम.

"सत्तावीस नऊशे," धोंडिरामनं खणखणीत आवाज दिला.

"पारड्यात तर एकोणतीस नऊशे आहेत," मॅजिस्ट्रेट म्हणाले. "मधले दोन किलो कुठं गेले?"

"त्यो कडता, साहेब. एक बारदान, एक माती." बोलता बोलता धोंडिरामचा चेहरा उतरला. आपण काय करून ठेवलं ते त्याला तेव्हा कळलं.

आता नानासो उठणार, तोच आरोपीच्या पिंजऱ्यातून आवाज आला. "कसली माती?" गुंडा लाल झाला होता. "माज्या मालात माती न्हाई, साहेब. काडी काडी निवडून सोता भरलाय मी."

नानासो उठता उठता खाली बसले. मॅजिस्ट्रेटांनी गुंडाला सावकाश समजावलं, की बोलायची सक्ती नाही, जे बोलशील ते लिहून घेतलं जाईल. "लिवा की," गुंडा म्हणाला, "पर माती लिवू नका."

जालिंदरच्या सिलांवर बोट ठेवायला जागा उरली नाही. तरी वजन न करता सही ठोकल्याबद्दल मॅजिस्ट्रेटांनी त्याला चार शब्द सुनावले. त्यानं ते मान खाली घालून ऐकले, कारण ते खरे होते.

शिक्षा होऊन गुंडाला नेत होते. व्हरांड्यात पोतं उचलून निघालेल्या जालिंदरपाशी तो थबकला. "हवालदार, इतके दिस तुमच्यापाशी हुतं. खरं सांगा, माती हाय काय त्यात?"

"मला काय ठावं?" जालिंदर म्हणाला. "मी उघडलंच न्हाई."